व्याहीबुवांचे मौन

वाणी जिच्यातून उगवते आणि जिच्यात विसावते त्या वाग्देवतेला, आणि प्रत्येक आरंभी ज्याचे स्मरण करावे त्या श्रीगजाननाला वंदन करून, कोबे येथील आमचे व्याही, अमेरिकन फुटबॉलचे खेळाडू आणि पुढे प्रशिक्षक झालेले हिरासे-सान यांच्या स्मरणार्थ हे लिहितो. त्यांच्या निधनानंतरचा सात आठवड्यांचा विधी अजून व्हायचा आहे. त्यांच्या घरच्या श्रद्धेप्रमाणे तोवर गेलेला माणूस वाटेवरच असतो. वाटेवरच्या माणसाशी बोलता येते, म्हणून यापुढचे सर्व त्यांनाच उद्देशून आहे. वाचकांनी शेजारी बसून ऐकावे.

व्याहीबुवा, सामना परवा झाला.

तुम्ही गेलात तेव्हा तो तोंडावर आला होता. हरलो तर संघ खालच्या श्रेणीत जाणार, आणि खाली गेलेला संघ पुढच्या वर्षी चालवणार नाही, असे विद्यापीठाने स्पष्ट सांगितलेले. रुग्णालयात तुमच्या उशाशी बसलेल्या प्रत्येकाला ठाऊक होते की तुम्हाला स्वतःच्या श्वासापेक्षा त्या सामन्याची चिंता अधिक आहे. तेव्हा निकाल सांगणे हे माझे कर्तव्यच. पण तो मी लगेच सांगणार नाही. जुन्या सामन्यांच्या चित्रफिती मुलांना दाखवताना तुम्ही शेवट कधी आधी कळू देत नव्हता. "शेवट माहीत असला की डोळे आळशी होतात," असे म्हणत होता. आज तुमचाच नियम तुम्हाला लावतो.

तुम्हाला प्रथम पाहिले ते आमच्या वसुधेच्या दारात, खांद्यावर तांदळाचे पोते घेऊन उभे असलेले. आमची वसुधा आणि तुमचा ताकेशी यांचा विवाह सांगलीत झाला तेव्हा तुमच्या हंगामाचे शेवटचे सामने होते, म्हणून एकट्या विहीणबाई आल्या होत्या. पुढे माझी पत्नी गेली आणि वसुधा मला कोबेला घेऊन आली. आमच्याकडे मुलीच्या घरी बाप राहत नाही. नातवंड होईपर्यंत तर जुनी माणसे तिच्या घरचे पाणीही घेत नसत. मी इतका कर्मठ नाही, परंतु या वयात कायमचे तिच्या अन्नावर राहणे माझ्या मनाला मानवेना. मी तिला म्हणालो, जवळ एखादी खोली भाड्याने पाहा, मी हाताने शिजवून खाईन. ती रडली. तिने ताकेशीला सांगितले, ताकेशीने तुम्हाला. आणि दुसऱ्या दिवशी सकाळी तुम्ही हजर.

केवढे थोरले शरीर ते! मान कानांपासूनच सुरू झालेली. जिना चढून आल्याने धापही लागलेली नव्हती. तुम्ही काही बोललात आणि वसुधा संकोचून माझ्याकडे वळली. सासऱ्यांना ती तिकडच्या रीतीने ओतोसान, म्हणजे बाबा, म्हणते.

"बाबा, ओतोसान म्हणताहेत की हा त्यांच्या घरचा तांदूळ आहे. तो मुलीच्या घरचा नाही. मग जेवायला हरकत नसावी."

"त्यांना सांग, व्याह्यांच्या घरचे फुकट खाणे त्याहून अवघड."

तिने सांगितले. तुम्ही ऐकून घेतले आणि काहीच बोलला नाहीत. पोते खांद्यावर, दृष्टी माझ्यावर, चेहऱ्यावर रागाचा लवलेशही नाही. मीही काही कमी हट्टी नव्हे. दारात दोन म्हातारे एकमेकांकडे पाहत उभे.

"बाबा, प्लीज सरका ना! वीस किलोचं पोतं आहे ते!"

मी सरकलो. तुम्ही बूट काढता काढता हसून म्हणालात, "फुकट मुळीच नाही. शनिवारी मैदानावर या. काम आहे."

त्या तुमच्या उभे राहण्याची ख्याती मला पुढे कळली. सरावात कुणाकडून आळस झाला किंवा कुणी सहकाऱ्याला टाकून बोलले, तर इतर प्रशिक्षक ओरडतात. तुम्ही शिट्टी वाजवून नुसते गप्प उभे राहत होता. मैदानावरचे अकरा जण टोप घालून उभे, आणि ज्याचे चुकले असेल त्याचा पाय आपोआप पुढे यायचा. "कान्तोकु काही बोलत नाहीत, पण आम्हालाच राहवत नाही," असे मुले सांगत. मुख्य प्रशिक्षकाला तेथे कान्तोकु म्हणतात. त्या दारात माझाही पाय असाच हलला होता, हे मी त्यांना कधी सांगितले नाही.

शनिवारी ताकेशीने मला डोंगरउतारावरच्या त्या मैदानावर आणून सोडले. खाली बंदर, वर ढग. तुम्ही एकटेच आधी आलेले होता. आत पाऊल टाकण्यापूर्वी सीमारेषेबाहेर उभे राहून, टोपी काढून, त्या रिकाम्या मैदानाला तुम्ही कमरेतून वाकून नमस्कार केलात. पाहणारे कुणी नाही असे समजून केलात. व्याहीबुवा, मी बालपणापासून पहाटे अंथरुणावरून उतरताना धरणीमातेची क्षमा मागतो, कारण तिच्यावर पाय ठेवावा लागतो. माणसांना ढुशा देण्याच्या खेळाचे हे गुरुजी आपल्याला कसे काय मानवणार, अशी जी शंका मनात होती ती त्या एका नमस्काराने गेली. मी मागे उभा राहून माझाही नमस्कार उरकून घेतला. आपण दोघांनी याबद्दल कधी चर्चा केली नाही.

काम असे होते. या खेळात चेंडू हाती असलेल्या संघाने चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचे. प्रत्येक प्रयत्नाआधी दोन्ही फळ्या समोरासमोर वाकून दगडासारख्या स्थिर. चेंडू हलण्याआधी जो हलेल त्याच्या संघाला पाच यार्डांचा दंड. आणि चेंडू कधी हलायचा हे ठरते क्वार्टरबॅकच्या, म्हणजे फळीमागे उभे राहून खेळ चालवणाऱ्या गड्याच्या, हाकेवर. तुमचा क्वार्टरबॅक ओनो बुद्धीने तल्लख, हात अचूक. पण प्रेक्षक ओरडू लागले की त्याचा आवाज घशात अडकायचा आणि स्वतःचीच फळी गोंधळायची. मी जन्मभर मुलांना संस्कृत पठण शिकवले, हे तुम्हाला वसुधेने सांगितले होते.

"आवाज पोटातून यावा लागतो ना?" तुम्ही तोडक्या इंग्रजीत विचारलेत.

"नाभीतून. आणि तो प्रत्येक वेळी सारखाच यावा लागतो."

"मग शिकवा, व्याही-सान."

त्या दिवसापासून मी व्याही-सान झालो; सान म्हणजे आपले राव. ते नातेवाचक नाव आहे हे मुलांना ठाऊक नसल्याने साऱ्या संघाचा मी व्याही झालो. एका कोवळ्या मुलाने मला "गुड मॉर्निंग, व्याही-सान" म्हणून वाकून नमस्कार केला तेव्हा मी कसा गांगरलो होतो ते आठवते ना? ओनोला मी आमच्या पाठशाळेच्या रीतीने ऱ्हस्व, दीर्घ आणि प्लुत स्वर कोंबड्याच्या आरवण्यावरून शिकवू लागलो. ओनो लाजत होता, म्हणून तुम्ही फर्मावलेत की सगळ्यांनी आरवायचे. ते पहाडासारखे तरुण सकाळच्या धुक्यात वाकून कु, कू, कूऽऽ करताहेत, आणि तुम्ही गंभीरपणे मला समजावताहात की जपानी कोंबडा असा आरवतच नाही!

"मग कसा आरवतो?"

तुम्ही करून दाखवलेत. खालच्या रस्त्यावरून कुत्र्याला फिरवणाऱ्या आजीबाई थबकून वर पाहू लागल्या.

काही महिन्यांत ओनोची हाक घंटेसारखी झाली. एकाच लयीत, एकाच उंचीवर, पाऊस असो की गोंगाट. आणि तेथूनच आपला वाद सुरू झाला, जो आता तुम्ही अर्धवट टाकून गेला आहात.

एका सामन्यात तुम्ही ओनोला फसवी हाक द्यायला लावलीत. मधलाच एक शब्द त्याने एकदम चढ्या आवाजात उच्चारला. चेंडू सुटला असे वाटून समोरच्याने उडी घेतली आणि पाच यार्डांचा दंड पत्करला. आमच्या बाजूला टाळ्या. माझे हात मात्र मांडीवरच राहिले. परतताना गाडीत मी म्हणालो, "हे बरे नव्हे. वाणीने दुसऱ्याला फसवणे ही वाणीची प्रतारणा आहे. मी त्या मुलाला स्वर दिला तो यासाठी नव्हे."

"नियमात बसते, व्याही-सान. पंचांनीही मान्य केले."

"पंचांच्या वर कुणी नाही का?"

"आहे. चेंडू. चेंडूकडे पाहणारा कधी फसत नाही. कान भलतीकडे ठेवणारा फसतो. दोष ऐकणाऱ्याचा."

"दोष बोलणाऱ्याचा!"

"तुमच्या दोघांचा आवाज जरा कमी करा," पुढच्या आसनावरून वसुधा म्हणाली, "आणि हे सगळं भाषांतर मला करायला लावू नका. तुमचं तुम्ही इंग्रजीत भांडा."

मग आपण इंग्रजीतून भांडत राहिलो. तुमचे इंग्रजी, तुम्ही एका हंगामासाठी अमेरिकेत शिकायला गेला होता तिथल्या मैदानावरचे, माझे व्याकरणाच्या पुस्तकातले. तुम्ही अर्धे वाक्य बोलून हाताने उरलेले दाखवत होता. मी वाक्य पूर्ण करेपर्यंत स्थानक येत असे. कचरा वेगळा करताना, चहा पिताना, समुद्राकाठी फिरताना, हाच विषय. विहीणबाई म्हणत, या दोघांना दुसरे बोलायला काही नाही. खरे तर दुसरे फारसे काही बोलायची गरज पडत नव्हती.

त्या वादातच तुमची कथा मला तुकड्यातुकड्यांनी कळली. तारुण्यात तुम्ही सेंटर होता. वाकून पायांमधून चेंडू मागे देणारा तो. "मी सारे तारुण्य जग उलटे पाहिले," असे सांगून तुम्ही गडगडाटी हसत होता. आधी विद्यापीठाचा संघ, मग दिवसभर कचेरीत काम करून सुटीच्या दिवशी कंपनीच्या संघातून खेळणे. ज्याला प्रेक्षक पाहत नाहीत आणि ज्याच्याशिवाय खेळ सुरू होत नाही, असे ते स्थान. आणि खेळाडू म्हणून तुमचा शेवटचा सामना. विजय हाताशी आलेला. तुमच्याच कर्णधाराने प्रतिस्पर्ध्यांना भुलवण्यासाठी फसवी हाक दिली, आणि हललात तुम्ही. दंड तुमच्या संघाला. सामना गेला. कर्णधाराने तुम्हाला एका शब्दाने दोष दिला नाही, आणि तेच तुम्हाला सहन झाले नाही.

"पाहा!" मी म्हणालो होतो. "मित्राच्याच आवाजाने तुम्हाला फसवले."

"नाही, व्याही-सान. त्याने मला आधी सांगून ठेवले होते. मी ऐकले नव्हते. त्या दिवशी घरी जाताना ठरवले की आता मुलांना ऐकायला शिकवायचे."

अशा रीतीने तुम्ही प्रशिक्षक झालात. मोठ्या विद्यापीठाचे बोलावणे आले होते ते नाकारून डोंगरावरच्या या लहानशा संघाकडे आलात, जिथे कधी कधी दोन पूर्ण फळ्याही उभ्या राहत नसत. का नाकारले, असे मी विचारले तेव्हा म्हणालात, तिथल्या मुलांना सगळे येते. मी काय करू?

मागच्या उन्हाळ्यात तुमचा आवाज बसला. मैदानावर तुम्ही शिट्टी आणि हातवारे यांवर काम चालवू लागलात. मी विचारले, "घसा कसा आहे?" तुम्ही माझ्या पेल्यात चहा ओतलात. पुन्हा विचारले, तर माझ्याकडे बिस्किटांची बशी सरकवलीत. मी समजलो, ओरडून बसला असेल. तुळस, ज्येष्ठमध, आले यांचा काढा करून डब्यातून पाठवू लागलो. तुम्ही तो निमूट पीत होता. विहीणबाई आता सांगतात की प्रत्येक घोटाला वेदना होत असे. घशातला तो रोग तोवर आवरण्यापलीकडे गेलेला होता, आणि तुम्हाला, विहीणबाईंना आणि ताकेशीला ते ठाऊक होते. माझी पत्नी गेल्याला फार काळ झालेला नव्हता. व्याही-सानना इतक्यात दुसरे दुःख नको, असे तुम्ही त्यांना लिहून दाखवले होते म्हणे. मला कळले ते तुम्ही रुग्णालयात दाखल झालात तेव्हा.

मी रागावलो, व्याहीबुवा. रुग्णालयात तुमच्या शेजारी बसून रागावलेलाच राहिलो. तुम्ही माझा हात धरलात तेव्हाही मी मनात म्हणत होतो, या माणसाने मला फसवले.

दहनानंतर अस्थी वेचायला विहीणबाईंनी मलाही बोलावले. आमच्याकडे व्याही हे करीत नाहीत. पण मी गेलो. लांब काड्यांनी एकेक अस्थी उचलून कलशात ठेवायची. सर्वांत शेवटी मानेजवळचे एक लहान हाड. ते ध्यानस्थ बसलेल्या बुद्धासारखे दिसते, म्हणून त्याला कंठातला बुद्ध म्हणतात, असे वसुधेने हळूच सांगितले. तुमच्या त्या कंठात एवढी शांत मूर्ती बसलेली होती, आणि मी बाहेरून काढा पाठवत होतो.

आता सामना.

थंडी फार होती. तुमची टोपी ओनोने बाकावर, तुम्ही जेथे उभे राहत होता त्या जागी ठेवली. मी अंगात संघाचे जाड जाकीट आणि खाली धोतर अशा वेषात, ताकेशी आणि वसुधा यांच्यामध्ये बसलो. ओनोची हाक शेवटपर्यंत अढळ होती, प्रत्येक वेळी तीच लय. समोरच्या फळीलाही ती लय एव्हाना पाठ झालेली. शेवटची काही मिनिटे उरली तेव्हा आपण जेमतेम पुढे होतो. चेंडू आपल्याकडे राहिला तर वेळ संपून सामना आपला. तीन प्रयत्न झाले. चौथा आणि शेवटचा. हवे होते जेमतेम एक पाऊल, आणि समोर त्यांची सगळी धिप्पाड मंडळी भिंतीसारखी वाकलेली. चुकलो असतो तर चेंडू त्यांना, आपल्याच सीमेजवळ.

"आता फसवी हाक देईल," ताकेशी पुटपुटला.

मी डोळे मिटले. काय प्रार्थना करावी ते सुचेना. फसवी हाक लागू पडो असे देवाकडे कोणत्या तोंडाने मागायचे? आणि तिने संघ वाचणार असेल, तर ती देऊ नको असे तरी कसे मागायचे?

हाक आलीच नाही.

मी डोळे उघडले. ओनो वाकून उभा. ज्या क्षणी ती नेहमीची हाक यायची तो क्षण आला आणि गेला. तो गप्प. त्याची फळी गप्प, एक बोट हलत नव्हते. चेंडू ठराविक वेळेत निघाला नाही तर दंड आपल्यालाच, हे सारे जाणत होते. तरी तो गप्प. मी ते उभे राहणे ओळखले, व्याहीबुवा. माझ्या दारात पोते घेऊन तुम्ही उभे होता ते हेच.

समोरच्या फळीतल्या एका थोराड गड्याचा पाय पुढे पडला. पंचांचा पिवळा रुमाल मैदानावर आला. पाच यार्ड आपल्याला. चेंडू आपल्याकडेच राहिला. वेळ संपली आणि संघ वाचला. वसुधा माझ्या गळ्यात पडून मराठीत रडत होती आणि जपानीत हसत होती, आणि माझे तळहात टाळ्यांनी लाल झाले होते.

सामना संपल्यावर मुलांनी ओळीत उभे राहून मैदानाला नमस्कार केला. मग ओनो माझ्याकडे आला. मी विचारले, "हे तुला कुणी सांगितले?"

"कुणी नाही, व्याही-सान. कान्तोकु गप्प राहिले की आम्हीच आधी हलायचो. म्हटले, समोरचेही हलतील." मग जरा घाबरून त्याने विचारले, "ही फसवणूक झाली का?"

अकरा जण माझ्या उत्तराकडे डोळे लावून उभे होते. तुम्हीच त्यांच्यात कुठेतरी उभे राहून गालात हसत असल्यासारखे मला वाटले. मी पुष्कळ विचार केला आणि म्हणालो, "नाही. तू खोटा शब्द उच्चारला नाहीस. तू गप्प राहिलास. हलला तो."

आणि हे बोललो तेव्हाच मला कळले की मी काय बोललो. चहा ओतलात, बिस्किटे पुढे केलीत, काढा प्यायलात. एकही खोटा शब्द तुमच्या तोंडून आला नव्हता. माझा नियम तुम्ही पाळलात. ऐकायचे राहिले ते माझ्याकडून. ओनोला जो न्याय दिला तो तुम्हाला नाकारता येत नाही. माझा राग त्या मैदानावरच उतरला, व्याहीबुवा. फसव्या हाकेबद्दल मात्र मी अजूनही माघार घेतलेली नाही. तो वाद राहू द्या. पुढे कुठे भेटलो तर बोलायला काही हवेच.

एक गोष्ट मी तुम्हाला कधी सांगितली नाही. पत्नीमागे मला वाटले होते की आता उरलेले दिवस कुणाच्या तरी घरी पाहुणा म्हणून काढायचे. तुम्ही त्या पोत्याबरोबर मला काम दिलेत, नाव दिलेत, भांडायला माणूस दिलात. मी पाहुणा राहिलो नाही. हे तुम्हाला ठाऊक असणारच. तरी उच्चारून सांगायला हवे होते.

तुमच्या घरी देव्हाऱ्यासमोर रोज सकाळी वाटीभर ताजा भात ठेवतात. काल मी विहीणबाईंची परवानगी घेतली. स्थानकाजवळच्या दुकानातून तांदूळ मी स्वतः आणला, पिशवी खांद्यावर घेतली. ताकेशी मदतीला धावला, त्याला हात लावू दिला नाही. भात माझ्या हाताने शिजवला, वर तूप घातले, आणि तुमच्या छायाचित्रासमोर ठेवून वसुधेला म्हणालो, "सांग त्यांना, हा त्यांच्या घरचा नाही आणि मुलीच्या घरचाही नाही. माझा आहे. आता त्यांनी जेवायला हरकत नसावी."

तिने जपानीत सांगितले. तुम्ही काही बोलला नाहीत. मी तसाच उभा राहिलो.

हे वाचणाऱ्या प्रत्येकाच्या घरी दारात आलेल्या माणसाला वाट मिळो, चुलीवरचा भात कुणालाही परका न वाटो, मोठ्यांच्या वाणीत सत्य आणि लहानांच्या कानांत अवधान राहो. आणि जे आपल्यासाठी गप्प राहतात, त्यांचे मौन ते जवळ असतानाच ऐकू यावे, अशी श्रीचरणी प्रार्थना. सर्वांचे कल्याण असो.